नायसियाच्या सभेत येशूला देव ठरवले नव्हते

"इ.स. ३२५ मध्ये रोमचा सम्राट कॉन्स्टंटाइन याने नायसियाला बिशपांची सभा भरवली. तोवर येशूला सगळे एक साधा माणूस, एक गुरू मानत होते. सभेत मतदान झाले आणि तो देव ठरला. मग सोयीची चार शुभवर्तमाने (येशूच्या जीवनाची पुस्तके) ठेवून बाकीची जाळली आणि ख्रिस्ती धर्म रोमचा राजधर्म झाला."

हा मजकूर थोड्याफार फरकाने कित्येक वर्षे फिरतो आहे. त्यातले साल खरे, गाव खरे, सम्राटही खरा. म्हणूनच बाकीचे खपून जाते.

येशू देव होता का, हा प्रश्न इतिहासाने सोडवायचा नाही. पण लोक त्याला देव म्हणून केव्हापासून भजू लागले, हा इतिहासाचाच प्रश्न आहे. त्याचे उत्तर पत्रांत, भिंतीवर आणि जमिनीवर लिहिलेले सापडते.

सुरुवात नायसियाच्याच प्रांतापासून करू. नायसिया म्हणजे आजच्या तुर्कस्तानातले इझनिक. ते बिथिनिया प्रांतात होते. सभेच्या दोनशेहून अधिक वर्षे आधी, सुमारे ११२ साली, धाकटा प्लिनी या प्रांताचा कारभार पाहत होता. नायसियाच्या नाट्यगृहावर पैसा ओतूनही भिंतींना तडे गेले, अशी तक्रार करणारा हा काटेकोर अधिकारी. ख्रिस्ती लोकांचे काय करायचे ते कळेना, म्हणून त्याने सम्राट ट्राजनला पत्र लिहिले. ते पत्र आज उपलब्ध आहे. चौकशीत त्याला समजले की हे लोक ठरलेल्या दिवशी पहाटे जमतात आणि "ख्रिस्ताला, जणू देवाला" उद्देशून आळीपाळीने स्तोत्र म्हणतात. चोरी, व्यभिचार करणार नाही अशी शपथ घेतात आणि नंतर एकत्र जेवतात. अधिक माहिती काढण्यासाठी प्लिनीने दोन दासींचा छळ केला. त्या मंडळीत या दासींना 'सेविका' हे पद होते. गुलाम बाई पदावर आहे आणि सम्राटाचा प्रतिनिधी तिच्याकडून माहिती काढतो आहे, हे वाचताना मी दरवेळी थांबतो. याच पत्रात तो सांगतो की सर्व वयांचे, सर्व थरांचे स्त्रीपुरुष यात आहेत, हे लोण खेड्यांपर्यंत पोचले आहे आणि देवळातल्या बळीच्या मांसाला गिऱ्हाईक मिळेनासे झाले होते. लिहिणारा ख्रिस्ती नव्हता. त्यांची बाजू घेण्याचे त्याला काहीच कारण नव्हते.

दुसरा पुरावा रोमच्या पॅलाटाइन टेकडीवरच्या एका भिंतीवर सापडला. तिथे कुणीतरी खरवडून चित्र काढले होते: क्रुसावर गाढवाच्या डोक्याचा माणूस, समोर हात वर केलेला एक जण आणि खाली ग्रीकमध्ये "अलेक्सामेनोस देवाची पूजा करतो". हे बहुधा २०० सालच्या आसपासचे आहे. काढणाऱ्याला अलेक्सामेनोसची टर उडवायची होती. पण त्या टवाळीतूनच कळते की क्रुसावर मेलेल्याला देव मानणारे लोक तेव्हा शेजारीपाजारी राहत होते. तिसरा पुरावा इस्राएलमधल्या मगिद्दोचा. तिथल्या तुरुंगाच्या आवारात २००५ साली तिसऱ्या शतकातली नक्षीदार फरशी सापडली. अकेप्तूस नावाच्या बाईने "देव येशू ख्रिस्ताला" स्मरण म्हणून मेज अर्पण केल्याचे तिच्यावर लिहिले आहे. त्याच फरशीचा खर्च गायानस नावाच्या एका रोमी सेनाधिकाऱ्याने केला होता.

येशूचा सुरुवातीचा प्रचारक पौल याचे फिलिप्पैकरांस पत्र तर पहिल्या शतकाच्या मध्यावरचे. येशूच्या नावापुढे प्रत्येक गुडघा टेकेल, हे त्यात आहेच.

मग नायसियाला वाद कशाचा होता? अलेक्झांड्रियाचा धर्मगुरू आरियस येशूला साधा माणूस म्हणत नव्हता. पुत्र साऱ्या सृष्टीच्या आधीचा, पण पित्याने निर्माण केलेला. "तो नव्हता असे एकदा होते", असे तो म्हणे. विरोधकांचे म्हणणे होते की पिता आणि पुत्र एकाच तत्त्वाचे. भांडण देवत्वाच्या स्वरूपाचे होते, देव की माणूस असे नव्हतेच. शेवटी सभेने पिता आणि पुत्र एकाच तत्त्वाचे असे सांगणारे श्रद्धावचन मंजूर केले आणि आरियससोबत दोनच बिशप त्यावर सही न करता हद्दपार झाले. अटीतटीच्या मतदानाची गोष्ट इथेच कोसळते. सम्राटाचा दबाव मात्र होता, तो नाकारण्यात अर्थ नाही.

आता पुस्तके. सभेचे वीस नियम आज वाचता येतात. धर्मगुरूंनी व्याजबट्टा करू नये, रविवारी उभे राहून प्रार्थना करावी, असे विषय त्यांत आहेत. बायबलमध्ये कोणती पुस्तके असावीत यावर एकही नियम नाही. शुभवर्तमाने चारच, हे बिशप इरेनियसने १८० सालच्या सुमारास ठासून लिहिले होते. उलट, आज ओळखीची असलेली नव्या करारातली २७ पुस्तकांची नेमकी यादी पहिल्यांदा दिसते ती ३६७ साली, अलेक्झांड्रियाचा बिशप अथनेशियस याच्या पत्रात. चौथ्या शतकातल्या सिनाई हस्तलिखितात, म्हणजे बायबलच्या एका जुन्या हस्तलिखित प्रतीत, तर 'बर्नबाचे पत्र' आणि 'हर्मासचा मेंढपाळ' ही आज बायबलबाहेर असलेली पुस्तकेही आहेत. निवडीची गोष्ट आली कुठून? नवव्या शतकातल्या एका ग्रीक संग्रहात अशी कथा आहे की सगळी पुस्तके वेदीजवळ ठेवून प्रार्थना केली आणि खरी तेवढी वर आली. अठराव्या शतकातला फ्रेंच लेखक व्हॉल्टेअर याने ती युरोपभर पोचवली.

जाळपोळ झाली, पण कुणाची? कॉन्स्टंटाइनने आरियसचे लेखन जाळायचा हुकूम काढला, हे खरे. मात्र सभेच्या बावीस वर्षे आधी, ३०३ मध्ये, सम्राट डायोक्लेशनने ख्रिस्ती लोकांचेच ग्रंथ जाळायला लावले होते. उत्तर आफ्रिकेतल्या सिर्ता गावच्या जप्तीची नोंद शिल्लक आहे. प्रार्थनाघरात बायकांचे ८२ अंगरखे आणि बायकांच्याच चपलांचे ४७ जोड सापडले, बहुधा गरिबांना वाटायला ठेवलेले. ग्रंथ वाचकांच्या, म्हणजे प्रार्थनेत ते वाचून दाखवणाऱ्यांच्या, घरी होते, म्हणून अधिकारी एकेका वाचकाच्या दारी गेले आणि पुस्तके गोळा करत फिरले. त्या सिर्ताचे नाव पुढे बदलले. आज अल्जीरियात ते 'कॉन्स्टंटाइन' म्हणूनच ओळखले जाते.

राजधर्माचे उत्तर छोटे आहे. ३१३ च्या मिलान करारात कॉन्स्टंटाइन आणि त्याचा सहसम्राट लिसिनियस यांनी सर्वच धर्मांना मोकळीक दिली. नायसियाची श्रद्धा साम्राज्यातल्या सर्वांवर बंधनकारक करणारा हुकूम सम्राट थिओडोसियसचा, ३८० सालचा. तोवर कॉन्स्टंटाइन जाऊन ४३ वर्षे झाली होती. आणि तो स्वतः? ३३७ साली मरणशय्येवर त्याने बाप्तिस्मा घेतला, तोही आरियसची बाजू घेणाऱ्या निकोमीडियाच्या बिशप युसेबियसकडून.