दहा गाणी नसली तरी अल्बम होतो: भजन मंडळांत फिरणाऱ्या मेसेजला उत्तर

चतुर्थी जवळ आली की रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या मंडळांच्या ग्रुपवर रेकॉर्डिंगची चर्चा सुरू होते. यंदा त्यात एक लांबलचक मेसेज फिरतो आहे. माझ्या मामेभावाच्या मंडळाने तो खरा धरला. सहा रचना रेकॉर्ड होऊन तयार होत्या, तरी आणखी चार ‘भरीला’ हव्यात म्हणून स्टुडिओ पुन्हा ठरवला. म्हणून हे उत्तर.

मेसेज काय सांगतो ते आधी देतो. अल्बम हे म्हणे ‘ऑल लिस्टेड बॅलड्स अँड म्युझिक’ याचं लघुरूप. दहापेक्षा कमी गाणी असतील तर कायदा त्याला अल्बम मानत नाही. ‘अल्बम सर्टिफिकेट’ काढलं नाही तर गाण्यांवर मंडळाचा हक्क राहत नाही, आणि ते सर्टिफिकेट पैसे भरून काढून मिळेल. एका गाण्याच्या व्हिडिओला अल्बम म्हणणं अडाणीपणाचं आहे. शेवटी, कॅसेटबरोबर अल्बमही संपला. अल्बम संपलाच असेल तर सर्टिफिकेट कशाचं काढायचं, हे लिहिणाऱ्याने सांगितलेलं नाही.

लघुरूपाचा विषय लवकर संपतो. शब्द लॅटिन आहे. ‘अल्बस’ म्हणजे पांढरा. रोममध्ये जाहीर सूचना, अधिकाऱ्यांचे हुकूम, सिनेटच्या सभासदांची यादी पांढऱ्या रंगवलेल्या फळीवर लिहून चारचौघांत लावत. ती फळी म्हणजे अल्बम. आपल्या ग्रामपंचायतीचा फळा काळा, त्यांचा पांढरा, एवढाच फरक. सोळाव्या शतकात जर्मन विद्यार्थी कोऱ्या वहीत मित्रांच्या आणि गुरूंच्या सह्या, ओळी, चित्रं घेऊ लागले, तेव्हा त्या वहीला हे नाव मिळालं. मग तिकिटांचा अल्बम आला, फोटोंचा आला. संगीतातही हा शब्द रेकॉर्डिंगच्या आधीपासून आहे. शूमान या जर्मन संगीतकाराने मुलांसाठी पियानोच्या ४३ छोट्या रचना छापल्या, त्या पुस्तकाच्या नावातच ‘अल्बम’ आहे. साल १८४८. एडिसनचा फोनोग्राफ त्यानंतर २९ वर्षांनी, १८७७ मध्ये आला. जो शब्द ध्वनिमुद्रणापेक्षा जुना, तो ध्वनिमुद्रणवाल्यांनी इंग्रजी आद्याक्षरांतून कसा बनवला असेल?

तबकड्यांशी तो जोडला गेला त्याचं कारण साधं आहे. मिनिटाला ७८ फेऱ्यांच्या दहा इंची तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटं मावत. लांब रचना असली की तिला चार-पाच तबकड्या लागत. त्या कागदी पाकिटांत घालून, पाकिटं पुठ्ठ्यात बांधून विकत. हुबेहूब फोटोंच्या अल्बमसारखी पानं उलटायची, म्हणून तो अल्बम. १९४८ साली लाँग प्लेइंग तबकडी (एलपी) आली, एका बाजूला वीस मिनिटांहून जास्त वाजू लागलं आणि सगळं एकाच तबकडीवर बसलं. पानांचा पुठ्ठा गेला, नाव राहिलं.

आता दहाचा आकडा. सगळं नुकसान याच आकड्याने केलं आहे.

हा आकडा कोणत्याही कायद्यात नाही. तो माध्यमाच्या लांबीतून आला. एलपीवर किंवा कॅसेटच्या दोन बाजूंवर मिळून चाळीस-पन्नास मिनिटं भरायची, गाणं चार-पाच मिनिटांचं, म्हणजे आठ ते बारा गाणी. विकत घेणाऱ्याला कव्हरवर दहा नावं दिसायची आणि तेच माप डोक्यात बसलं. आज फीत नाही. आज अल्बम कशाला म्हणायचं हे ज्याच्या दुकानात तुम्ही माल ठेवता तो ठरवतो, आणि तो गाण्यांची संख्या आणि एकूण वेळ दोन्ही बघतो. अ‍ॅपल म्युझिकचा नियम असा आहे: एक ते तीन गाणी, प्रत्येक दहा मिनिटांच्या आत, एकूण तीस मिनिटांच्या आत, तर सिंगल. चार ते सहा गाणी आणि एकूण तीस मिनिटांच्या आत, तर ईपी, म्हणजे सिंगल आणि अल्बम यांच्या मधला प्रकार. सात किंवा जास्त गाणी, किंवा एकूण तीस मिनिटांच्या वर, तर अल्बम. ग्रॅमी पुरस्कारांची अट वेगळी आहे: निदान पाच वेगवेगळी गाणी आणि पंधरा मिनिटं, नाहीतर एकूण तीस मिनिटं, मग गाणी कितीही असोत. दोन ठिकाणी दोन मापं, आणि दहा कुठेच नाही.

हे आपल्या भजनाला लावून बघा. गणस्तवन ६ मिनिटं, अभंग ९, गवळण ७, गजर १२. बेरीज ३४. चार रचनांत अल्बम झाला. मामेभावाच्या मंडळाच्या सहा रचना मिळून ४१ मिनिटांच्या आहेत. त्यांचा अल्बम केव्हाच पूर्ण झाला होता.

भरीच्या चार रचना म्हणजे नुसता वाढीव खर्च नव्हे. घाईत चार नव्या रचना बसवायच्या तर बहुतेक वेळा कुठल्यातरी गाजलेल्या सिनेगीताची चाल घेऊन त्यावर देवाचे शब्द घातले जातात. देवळात, भजनाच्या बारीत (सामन्यात) ते पिढ्यान्‌पिढ्या चाललं आहे, तिथे त्याला रंगतही येते. ऑनलाइन मात्र ती चाल यूट्यूबची यंत्रणा सुद्धा ओळखू शकते. मग व्हिडिओची कमाई चालीच्या मालकाकडे जाते किंवा व्हिडिओच खाली येतो. चार भरीच्या रचनांपैकी एकीवर हरकत आली की वितरक (तुमची गाणी अ‍ॅपल म्युझिक, स्पॉटिफायसारख्या ठिकाणी चढवणारा) पुष्कळदा अख्खा अल्बम रोखून धरतो, आणि बुवांनी मेहनतीने बसवलेले मूळ अभंगही त्यात अडकतात. तुकोबांच्या शब्दांवर कुणाचा कॉपीराइट नाही, चाल पारंपरिक असेल तर तिच्यावरही नाही. सिनेमाच्या चालीवर आहे. मेसेजवाल्याने सावध करायचंच होतं तर याबद्दल करायला हवं होतं.

काही मंडळं नवीन रचना न करता बारा मिनिटांचा गजर तीन तुकड्यांत कापतात. तेही करू नका. गजर ठाय म्हणजे संथ लयीत सुरू होतो, मग दुगुन म्हणजे दुप्पट लय, मग कोरस आणि झांजा चढत जातात. त्या चढण्यातच सगळं आहे. मधे कापलं की पखवाजाच्या थापेची आस, म्हणजे मागे रेंगाळणारा नाद, तुटते, सुरी ध्वनिलहरीच्या नेमक्या शून्यावर पडली नाही तर ‘टक’ असा आवाज येतो, आणि ऐकणाऱ्याने गाणी उलटसुलट वाजवली तर दुगुन आधी आणि ठाय नंतर. तुकडे केल्याने मोजणीत फायदा होतो हे अर्धं खरं आहे, ते मान्य करतो. स्पॉटिफायवर तीस सेकंद ऐकलं की एक प्ले धरतात, गाणं बारा मिनिटांचं असो की दोनचं. पण २०२४ पासून तिथे दुसरा नियमही आहे: मागच्या बारा महिन्यांत एखाद्या ट्रॅकचे निदान १,००० प्ले झाले नाहीत तर त्या ट्रॅकला पैसे मिळत नाहीत. गजराचा एक ट्रॅक हजाराची अट पार करेल. तीन तुकडे झाले की पहिला तुकडा ऐकून लोक थांबतात आणि उरलेले दोन हजाराच्या अलीकडेच राहतात.

आता सर्टिफिकेट. इथे लोकांच्या खिशाला हात घातला आहे, म्हणून स्पष्ट लिहितो: ‘अल्बम सर्टिफिकेट’ अशी वस्तू नाही. आपल्याकडे लागू आहे तो १९५७ चा कॉपीराइट कायदा. त्यात ज्या कृतींना संरक्षण आहे त्यांत साहित्य, नाट्य, संगीत, कलाकृती, चित्रपट आणि ध्वनिमुद्रण हे प्रकार आहेत. अल्बम हा प्रकार नाही. गाणी एक असोत की वीस, ध्वनिमुद्रण झालं की हक्क तयार होतो. नोंदणी ऐच्छिक आहे. मुंबई उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये संजय सोया प्रकरणात तेच पुन्हा सांगितलं. तरीही नोंदणी हवी असेल तर कॉपीराइट कार्यालयाच्या संकेतस्थळावर स्वतः अर्ज करता येतो. ध्वनिमुद्रणाचं शुल्क २,००० रुपये, संगीतरचनेचं ५००. मधल्या माणसाची गरज नाही.

ध्वनिमुद्रणाचा मालक कोण, हेही याच कायद्यात आहे: ते करण्याचा पुढाकार आणि जबाबदारी ज्याने घेतली तो निर्माता. मंडळाने स्वतः ठरवून, पैसे भरून रेकॉर्डिंग केलं तर मालकी मंडळाकडे. फी घेऊन माईक लावणारा स्टुडिओ मालक होत नाही. फक्त हे एका कागदावर लिहून दोघांच्या सह्या घ्या आणि पावतीवर मंडळाचं नाव घाला. कुणी कंपनी हक्क मागत असेल तर हस्तांतर लेखी आणि सहीनिशीच लागतं. करारात मुदत लिहिली नसेल तर कायदा ती पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणूनच छापील करारांत ‘कायमस्वरूपी’ आणि ‘संपूर्ण जगात’ हे शब्द बारीक अक्षरांत असतात. सही करण्याआधी तेवढे दोन शब्द शोधा.

एका गाण्याच्या व्हिडिओला अल्बम म्हणण्याबद्दल मेसेजवाला थोडा बरोबर आहे, ते नाइलाजाने कबूल करतो. वितरकाच्या अर्जात एक गाणं म्हणजे सिंगल; तिथे अल्बम लिहून चालणार नाही. पण बोलण्यात? सिनेमाबाहेरचं गाणं एके काळी अल्बममधूनच यायचं, म्हणून सिनेमातलं नसलेलं ते ‘अल्बमचं गाणं’ झालं आणि पुढे नुसतं ‘अल्बम’. कोळीगीतांच्या शूटिंगला हर्णैच्या नाहीतर मालवणच्या किनाऱ्यावर जमलेली पोरं ‘आमच्या अल्बमचं शूटिंग आहे’ म्हणतात आणि ऐकणाऱ्याला नेमकं कळतं. जो शब्द फळीवरून वहीत आणि वहीतून तबकडीत गेला, तो व्हिडिओत आला तर अडाणीपणा कसला? लोकांनी शब्द वापरायला घेतला आहे. अर्जात सिंगल लिहा, वाडीत अल्बम म्हणा.

अल्बम संपला या दाव्यावर फार वेळ घालवायचं कारण नाही. एकेक गाणं आधी सोडायची पद्धत वाढली आहे, पण ती गाणी पुढे एकत्र करून अल्बम निघतातच, आणि मंडळांनाही हीच वाट सोयीची आहे. गणस्तवन आधी सिंगल म्हणून सोडा, आठ-दहा दिवसांनी पूर्ण अल्बम. यात एकच चूक हमखास होते. प्रत्येक ध्वनिमुद्रणाला आयएसआरसी नावाचा बारा अक्षर-अंकांचा क्रमांक असतो. अल्बमला म्हणून वेगळा बारकोड असतो. अल्बम चढवताना गणस्तवनाची तीच फाईल आणि सिंगलला मिळालेला तोच आयएसआरसी द्यायचा, म्हणजे आधीचे प्ले त्यातच मोजले जातात. रकाना रिकामा सोडला की वितरक नवा क्रमांक देतो आणि मोजणी पुन्हा शून्यापासून सुरू होते.

कव्हर चौकोनी, ३००० बाय ३००० पिक्सेल. त्यावर ‘संपर्क’ म्हणून बुवांचा मोबाईल नंबर छापू नका, त्यामुळे कव्हर परत येतं. नावापुढे ‘अल्बम’, ‘सिंगल’ किंवा ‘ईपी’ हाताने लिहू नका. अ‍ॅपल म्युझिक ‘सिंगल’ आणि ‘ईपी’ स्वतः जोडतं. ध्वनिमुद्रणाच्या मालकाचं नाव आणि प्रकाशनाचं वर्ष मात्र न विसरता भरा, त्या रकान्यात स्टुडिओचं नाही, मंडळाचं नाव घाला. आणि चतुर्थीच्या आधी तीन-चार आठवडे चढवा.