पूलमध्ये उतरण्याआधी अंघोळ? वेडे आहात का!

अभिनंदन, सकाळी सहाची बॅच मिळाली ना! फॉर्म भरला, डॉक्टरचं सर्टिफिकेट दिलं, नायलॉनची कॉस्च्युम घेतली. आता जरा हक्क गाजवायला शिका.

पहिलं म्हणजे शॉवरकडे बघायचंसुद्धा नाही. बोर्ड लावलाय, असू दे, बोर्ड काय 'थुंकू नये'चा पण आहे. स्टेशनपासून चालत आल्याचा घाम, कालचा डिओ, डोक्यावर पावशेर खोबरेल, त्यावर टोपी अशी टेकवायची की तेलाला मोकळं वाटावं, आणि एवढा सगळा ऐवज घेऊन धपकन उडी. मागे पाण्यावर तवंग तरंगेल, सुंदर दिसतो. मग पाच मिनिटांनी डोळे चोळत मोठ्याने म्हणायचं, "आज क्लोरीन फार टाकलंय हो!" आज एक काका मला हेच म्हणाले, ज्यांना मी कोरड्या अंगाने थेट पाण्यात शिरताना बघितलं होतं. अहो काका, तो वास निव्वळ क्लोरीनचा नसतो, तुमचा घाम आणि लहान पोरांच्या नावावर खपवलेली ती दुसरी गोष्ट क्लोरीनला भिडली की क्लोरामाइन तयार होतं, त्याचा तो वास, डोळे त्यानेच चुरचुरतात. जंतू मारायला टाकलेलं क्लोरीन तुमचं अंग धुण्यात संपतंय!

असो. पुढे.

लेन रुंदीला अडीच मीटर, म्हणजे तुमच्या एकट्यापुरती. मधोमध पोहा.

कोणी पन्नास मीटर मारून धापा टाकत भिंतीशी आलं की तिथे तुम्ही तिघं उभे हवेत, विषय बिल्डिंगची रिडेव्हलपमेंट. विरार लोकलचं दार अडवायचा सराव असेल तर जमेल.

चपला बाहेर आल्यावर ज्या बऱ्या दिसतील त्या.

शिट्टी वाजली? ती दुसऱ्यांसाठी.

आणि चूळ. काकांनी वास-पुराण संपवून तोंडभर पाणी घेतलं, खळखळ केलं आणि माझ्यापासून हातभर अंतरावर सोडलं. काठाच्या गटरात नाही, पाण्यात! मी तेव्हा श्वास घ्यायला तोंड उघडलेलं. आता मस्करी बास. घरी पिण्याच्या पिंपात पोराने हात घातला तर धपाटा घालता ना? मग इथे शंभर माणसांच्या नाकातोंडात जाणाऱ्या पाण्यात चुळा कसल्या भरता? लाज वाटत नाही? दोन मिनिटं लागतात शॉवरला. नळाला पाणी येतंय, मी स्वतः बघितलंय. जा आधी.