पोलीस आले म्हणजे ताबा आला, असं नसतं

‘जमिनीचा वाद आहे आणि पोलीस ऐकत नाहीत? थेट हायकोर्टात रिट टाका. मनाई हुकूम असेल तर पोलिसांना सोबत यावंच लागतं. सातबारा दाखवा, ताबा घ्या.’ असा मजकूर गावोगावच्या ग्रुपांवर फिरतो आहे. परवा एक पक्षकार तो मोबाइलवर उघडूनच माझ्यासमोर बसला.

आधी रिटचं, म्हणजे सरकारी यंत्रणेला हुकूम द्यावा म्हणून थेट हायकोर्टात केलेल्या अर्जाचं बघू. जमीन कोणाची, वहिवाट कोणाची, हे रिटमध्ये ठरत नाही. मुरलीधरन खटल्यात (२००६) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की पोलीस संरक्षणाच्या रिटला मर्यादित वाव आहे: दिवाणी न्यायालयाने हक्क अंतिम किंवा निदान अंतरिम पातळीवर निःसंदिग्धपणे ठरवलेला हवा. म्हणजे तालुक्याचं कोर्ट टाळून मुंबई-औरंगाबादची वाट धरलेला माणूस बहुतेक वेळा तालुक्यालाच परत येतो, मधले महिने आणि पैसे घालवून.

‘मनाई हुकूम असेल तर पोलीस येतातच.’ निशाणी ५ वरचा, म्हणजे दाव्यातल्या तात्पुरत्या मनाईच्या अर्जावरचा हुकूम असतो प्रतिवादीवर, पोलीस ठाण्यावर नसतो. नुसती प्रत घेऊन गेलात तर ठाण्यात आवकचा शिक्का मारून मिळेल. पोलीस मदतीसाठी त्याच कोर्टात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली वेगळा अर्ज द्यावा लागतो. अडवणूक कोणत्या तारखेला, कोणी, कशी केली हे त्यात लिहा, ठाण्यात दिलेल्या तक्रारीची प्रत आणि फोटो जोडा. मागणीही नेमकी हवी. ‘संरक्षण मिळावे’ एवढ्यावर थांबू नका. ‘गट नंबर अमुकमधील सोयाबीन काढून नेईपर्यंत’ असं लिहा. हुकूम एकतर्फी असेल तर कोर्ट बहुधा समोरच्याचं म्हणणं येईपर्यंत हात आखडता घेतं, आणि मला ते बरोबरच वाटतं. एकाच बाजूचं ऐकून वर्दी उभी केली आणि उद्या दावाच खोटा निघाला, तर कापून नेलेलं पीक परत कोण लावणार? हुकूम मोडणाऱ्याला त्याच संहितेच्या आदेश ३९ नियम २अ खाली मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते, पण त्यात साक्षीपुरावे चालतात. तोवर सुगी निघून जाते, म्हणून १५१ चा अर्ज.

सातबाऱ्याबद्दल एवढंच, की तो महसुली नोंद आहे, मालकीचा दाखला नव्हे.

सगळ्यात घातक शब्द आहे ‘ताबा घ्या’. मनाई हुकूम आहे ती वहिवाट राखतो, गेलेली परत आणत नाही. ज्याला दांडगाईने हुसकावलं, त्याच्यासाठी स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टचं कलम ६ आहे: ताबा गेल्यापासून सहा महिन्यांत दावा लावा, मालकी शाबित करायची गरज नाही. हे सहा महिने लोक ठाण्याच्या पायऱ्या झिजवण्यात घालवतात. नंतर उरतो तो मालकीचा लांबलचक दावा. ताब्याचा हुकूमनामा हातात असेल तर गोष्ट वेगळी. दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज लागतो, कोर्टाचा कर्मचारी म्हणजे बेलीफ कब्जा वॉरंट घेऊन जातो, अडथळा झाला तर तसा अहवाल देतो, मग पोलीस मदत मागता येते. अशा वेळी ती देण्याबाबत सर्वोच्च न्यायालयाने राहुल शाह निकालात (२०२१) निर्देशही दिले आहेत. पण तिथेही कब्जा देतो बेलीफ. पोलीस बांधावर उभे असतात.

मजकुरातली एक तक्रार मात्र खरी आहे. ‘दिवाणी बाब आहे, कोर्टात जा’ असं समजपत्र हातात देऊन पोलीस मोकळे होतात. बांधावर कुऱ्हाड निघाली, डोकं फुटलं, तर ती दिवाणी बाब राहत नाही. दखलपात्र गुन्ह्याची खबर नोंदवणं बंधनकारक आहे, हे ललिता कुमारी निकालाने २०१३ मध्येच सांगितलंय. तिथे अडून बसा.

त्या पक्षकाराला मी एकच विचारलं, ‘आज जमीन कसतंय कोण?’

‘चुलतभाऊ. पाडव्यापासून.’

मोबाइल बाजूला ठेवायला लावला आणि भिंतीवरचं कॅलेंडर काढलं. अठरा दिवस उरले होते.