आईच्या फोनवरचा मुद्दा क्रमांक तीन

'उदारमतवादाने महाराष्ट्राची संस्कृती कशी पोखरली' या मथळ्याचा सहा मुद्द्यांचा मजकूर गेले पंधरा दिवस माझ्याकडे फिरून फिरून येतोय. शाळेच्या ग्रुपवर आला, दुर्लक्ष केलं. सोसायटीच्या ग्रुपवर वाद घालून एकदा तोंड पोळलंय, म्हणून तिथेही गप्प बसले. परवा तो आईने पाठवला. खाली जोडलेले हात आणि 'वाचनीय'. आई ७४ वर्षांची आहे. तिने लहानपणी स्वतःच्या घरात आलवणातली, म्हणजे विधवा म्हणून डोकं भादरून लाल लुगडं नेसवलेली, आत्तेआजी पाहिली आहे. आता गप्प बसणं जमण्यासारखं नाही.

पहिला मुद्दा आधी हातावेगळा करते. मेकॉले या इंग्रज अधिकाऱ्याने म्हणे २ फेब्रुवारी १८३५ रोजी ब्रिटिश संसदेत सांगितलं, की मी भारतभर फिरलो, एक भिकारी दिसला नाही, एक चोर दिसला नाही, तेव्हा यांची संस्कृती मोडल्याशिवाय हे लोक आपल्या ताब्यात राहणार नाहीत. त्या दिवशी मेकॉले लंडनमध्ये नव्हताच. तो आदल्या वर्षीच भारतात आला होता आणि कोलकात्यात होता. त्याच तारखेचं त्याचं शिक्षणविषयक टिपण मात्र खरं आहे. युरोपातल्या चांगल्या ग्रंथालयाची एक फळी भारत आणि अरबस्तानच्या सगळ्या वाङ्मयाइतक्या मोलाची, असं त्यात लिहिलंय. चिडायला एवढं पुरत नाही? अस्सल उद्धटपणा हाताशी असताना खोटा कशाला रचायचा? मूळ टिपण कोणी उघडलेलंच नसावं, दुसरं काय.

आता तिसरा. तो असा: 'पूर्वी मुलींची लग्नं आठव्या-नवव्या वर्षी होत. त्या सासरी सहज रुळत आणि सुरक्षित असत. उदारमतवाद्यांनी इंग्रजांना हाताशी धरून संमतिवयाचा कायदा आणला आणि कुटुंबाची घडी विस्कटली.'

सुरक्षित!

तो कायदा काय होता, हे तरी लिहिणाऱ्याला माहीत आहे का? १८९१ च्या कायद्याने लग्नाच्या वयाला हातही लावला नव्हता. लग्न खुशाल पाळण्यात लावा, कोणी अडवत नव्हतं. १८६० च्या दंडसंहितेत संमतीचं वय १० होतं, ते १२ केलं. म्हणजे मुलगी १२ वर्षांची होईपर्यंत नवऱ्याने तिच्याशी शरीरसंबंध ठेवायचा नाही, एवढंच. दोन वर्षं वाढवली म्हणून संस्कृती बुडाली असेल, तर ती कशावर उभी होती ते एकदा मोठ्याने बोलून दाखवा.

आणि ती दोन वर्षं का वाढवावी लागली? १८९० साली कोलकात्यात हरी मोहन मैती याच्यावर खटला चालला. त्याची बायको फुलमणी दासी दहा-अकरा वर्षांची, तो तिशी ओलांडलेला. त्याने केलेल्या संबंधातून झालेल्या जखमांनी ती मेली. मुलीने दहावं ओलांडलेलं, त्यामुळे बलात्काराचं कलम त्याला लावताच आलं नाही. शिक्षा झाली एक वर्ष सक्तमजुरी. बाकी सगळे मुद्दे विसरलात तरी चालेल, हा खटला तेवढा वाचा. लग्न रीतसर झालेलं, मुलगी नवऱ्याच्या घरात, आसपास नात्यातली माणसं. मजकुरातली सुरक्षितता ती हीच.

'सहज रुळत' याला उत्तर रखमाबाईंनी देऊन ठेवलंय. लग्न ११ व्या वर्षी. पुढे सासरी नांदायला जायला नकार दिला, म्हणून नवऱ्याने १८८४ मध्ये दावा लावला. खटला चालू असताना १८८५ साली त्यांनी 'एक हिंदू स्त्री' या सहीने टाइम्स ऑफ इंडियात पत्रं लिहिली. १८८७ मध्ये कोर्टाने सांगितलं, नांदायला जा नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. त्या तुरुंगाला तयार झाल्या! शेवटी नवऱ्याला २००० रुपये मिळाले आणि प्रकरण मिटलं. रखमाबाई लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या आणि परत येऊन त्यांनी आयुष्यभर इथे बायकांवर उपचार केले. सासरी न रुळलेली बाई कुठवर गेली, हे त्या मजकुरात कसं येईल?

हे सगळं चार इंग्रजी शिकलेल्यांचं खूळ, असाही सूर त्यात आहे. १८९० मध्ये मुंबईत कामगार पुढारी नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने न्हाव्यांनी सभा भरवली आणि विधवांचं केशवपन आम्ही करणार नाही, असं ठरवलं. त्यांनी कुठल्या विलायती पंडिताचं बोट धरलं होतं? वस्तरा त्यांच्या हातात होता, त्यांनी तो खाली ठेवला.

लोकमान्यांनी संस्कृती वाचवली, हे चौथ्या मुद्द्यातलं वाक्य. टिळकांचा विरोध होता तो परक्या सरकारने आपल्या चालीरीतींवर कायदे करण्याला, आणि त्या आक्षेपात दम होता, हे मला कबूल करावं लागतं. पण त्याच टिळकांनी १८९० मध्ये, कायद्याऐवजी सुधारकांनी स्वतःहून पाळावीत म्हणून काही कलमं सुचवली होती. मुलीचं लग्न सोळाच्या आत करू नये आणि विधवांचं वपन करू नये, ही त्यातलीच. कायदा १२ म्हणतोय आणि टिळक १६! मजकूरवाल्यांनी आता टिळकांनाही उदारमतवाद्यांच्या यादीत टाकावं.

एका ठिकाणी मजकुराचा नेम बरोबर लागलाय. 'हे सुधारक दांभिक होते.' सगळे नव्हते, पण न्यायमूर्ती रानड्यांच्या बाबतीत बोलायला जागा आहे. विधवाविवाहाचा पुरस्कार करणाऱ्या या माणसाने १८७३ मध्ये, पहिली पत्नी गेल्यावर, ३१ व्या वर्षी ११ वर्षांच्या मुलीशी लग्न केलं. वडिलांचा आग्रह होता, हे खरं, पण ते काही उत्तर नाही. आणि १८८५ च्या, मराठी लेखकांच्या ग्रंथकार सभेचं निमंत्रण जोतीराव फुल्यांनी रानड्यांना पत्र लिहून नाकारलं, तेही उगाच नव्हे. ही मंडळी पुष्कळदा आपल्याच आळीपुरती उदार होती. मात्र गंमत बघा, हा दोष मजकुराला जे सिद्ध करायचंय त्याच्या बरोबर उलटा आहे. उदारपणा कमी पडला, जास्त झाला नाही. ती ११ वर्षांची मुलगी पुढे पुण्याच्या सेवासदनाच्या रमाबाई रानडे झाली, तेवढं श्रेय मी नाइलाजाने त्या घराला देते.

बाकीचे मुद्दे उभ्या उभ्या. 'उदारमतवादी म्हणजे नास्तिक': आगरकर अज्ञेयवादी, रानडे पक्के ईश्वरवादी, प्रार्थना समाजात तुकोबांचे अभंग म्हणणारे. 'मराठी भाषा यांनीच बिघडवली': केसरीचे पहिले संपादक आगरकर, आणि मराठी वाक्यांच्या पृथक्करणावर पुस्तक लिहिणारेही तेच. मजकुरात ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका मी अकरापर्यंत मोजल्या आणि सोडून दिलं.

'घटस्फोट वाढले' हा शेवटचा. २०११ च्या जनगणनेत देशात घटस्फोटितांपेक्षा नुसतेच वेगळे राहणारे किती तरी जास्त, जवळपास तिप्पट होते. म्हणजे कागद न होताच मोडलेले संसार अधिक. ते कुठल्या उदारमतवादाच्या खात्यावर मांडायचे? आणि जुनी घडी विस्कटली म्हणून रडणाऱ्यांसाठी: २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रातल्या २० ते २४ वयाच्या स्त्रियांपैकी २१.९ टक्के जणींचं लग्न १८ च्या आत झालेलं होतं. दर पाचात एक. असले मजकूर त्यांच्याही घरच्या फोनवर जातात, मला चीड त्याची आहे.

हे सगळं मी आईला फोनवर सांगितलं, बरंचसं चढ्या आवाजात. ती ऐकून घेत होती. मग म्हणाली, "न्हावी मागच्या पडवीत यायचा. आम्हा पोरांना तेवढा वेळ देवळात पिटाळायचे. आत्तेआजी दुपारी जेवायची नाही त्या दिवशी."

मी म्हटलं, मग पाठवलंस कशाला?

"कोणी वाचतं का सगळं? संस्कृती लिहिलं होतं वर." थोडं थांबून तिने विचारलं, ग्रुपवरून तो काढून टाकता येतो का. दोन दिवस होऊन गेले होते, बटण दिसेना. शेवटी मला म्हणाली, तू मघाशी त्या पोरीचं सांगितलंस ना, कोलकात्याच्या, ते लिहून पाठव, मी खाली टाकते.