चंद्रभागा कुठली? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. 'चंद्रभागा' या मुलींच्या नावावरच्या माझ्या लेखाखाली आपण मोठी प्रतिक्रिया लिहिलीत, आभार. रागाच्या भरात काही लिहायचं नव्हतं, म्हणून उत्तराला वेळ लागला.

ज्यांनी ती वाचली नसेल त्यांच्यासाठी आपलं म्हणणं थोडक्यात देतो. चंद्रभागा हे मुळात चिनाब नदीचं नाव. चंद्रा आणि भागा या दोन नद्या मिळून ती झाली. पंढरपूरची नदी भीमा, तिला हे नाव मागाहून चिकटवलं. म्हणून 'चंद्रकोरीसारखं वळण घेते म्हणून चंद्रभागा' हे मी लिहिलेलं भाकडकथा ठरतं. पुढे मनुस्मृतीचा श्लोक, शुद्धलेखनाच्या दोन चुका आणि 'असली नावं कामवाल्या बायकांची असतात, त्यावर लेख कसले पाडता' हे वाक्य. शेवटी सल्ला: 'ठाण्यात बसून व्युत्पत्त्या सांगण्याआधी थोडं वाचन करा.'

वाचनाबद्दल आधी बोलतो, कारण ते लागलं. ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ सालचं आहे. शाळा सुटल्यावर कोपरीहून पूल ओलांडून मी तिथे जायचो, कारण घरात पुस्तक ठेवायला जागा नव्हती आणि विकत घ्यायला पैसे नव्हते. जे काही वाचलं ते तिथल्या बाकावर बसून. तेव्हा मी काय वाचलं आणि काय नाही, हे मला कधीही न भेटलेल्या माणसाने ठरवू नये. आपला मुद्दा याच माहितीसह दोन ओळींत, सभ्यपणे मांडता आला असता. माहिती असली की समोरच्याला झोडायचा परवाना मिळतो, असं निदान मला कुणी शिकवलं नाही.

एक गोष्ट मान्य. हिमाचलातल्या लाहौलच्या त्या दोन नद्यांचा उल्लेख लेखात असता तर तो अधिक भरला असता. बारालाचा खिंडीच्या दोन अंगांनी चंद्रा आणि भागा निघतात, तांडीला मिळतात आणि पुढे चंद्रभागा होऊन वाहतात. चिनाब हे तिचंच पुढचं नाव. महाभारतात भीष्मपर्वातल्या नद्यांच्या यादीत शतद्रूच्या, म्हणजे सतलजच्या, जोडीने चंद्रभागा येते, ती हीच. हे मला ठाऊक होतं. लेख नदीवर नव्हता, मुलींच्या नावावर होता, म्हणून लिहिलं नाही.

आता 'मुळात' या आपल्या शब्दाकडे येतो. मुळाशीच जायचं तर चंद्रभागेवर का थांबता? ऋग्वेदाच्या नदीसूक्तात त्याच नदीचं नाव असिक्नी आहे. आपल्याच न्यायाने चिनाबलाही चंद्रभागा हे नाव मागाहून चिकटवलेलं ठरेल. शिवाय ओडिशात कोणार्कजवळ चंद्रभागा आहे, माघ सप्तमीला तिथे स्नानाची मोठी यात्रा भरते. आपल्या विदर्भात दर्यापूरची नदीही चंद्रभागाच. या सगळ्या खोट्या आणि एकटी चिनाब खरी, असं आपलं म्हणणं आहे का? नद्यांची नावं माणसांबरोबर चालत जातात. जिथे पोचतात तिथे त्यांना नवा अर्थ लागतो आणि तो तिथला खरा अर्थ असतो.

शब्दाची फोडही बघा. लाहौलात ती चंद्रा अधिक भागा, दोन नद्यांची जोडी. पंढरपुरात चंद्रा नावाची नदी नाही आणि भागा नावाचीही नाही. तिथे फोड एकच लागते: चंद्राचा भाग, म्हणजे कोर. भीमाशंकरला उगम पावून कृष्णेला मिळेपर्यंत ती भीमाच आहे. संस्कृतात भीमरथी, अभंगात भिवरा. पंढरपुराजवळ ती कोरीसारखी वळते आणि तेवढ्याच पट्ट्यात चंद्रभागा होते. एकाच नदीला दोन नावं असण्यात वारकऱ्याला कधी अडचण आली नाही. 'युगे अठ्ठावीस' ही नामदेवांची आरती आपण लहानपणापासून म्हणत असाल. त्यात विठोबाच्या चरणी भीमा वाहते आणि आषाढी-कार्तिकीला येणारे भक्त स्नान चंद्रभागेत करतात. दोन्ही नावं एकाच आरतीत. ज्यांनी ती रचली त्यांना नदीचं नाव माहीत नव्हतं, असं म्हणणार का?

आणि नाथांचा अभंग. 'माझे माहेर पंढरी' म्हणताना नाथ विठ्ठल-रखुमाईला बाप आणि आई करतात, पुंडलिकाला भाऊ करतात आणि पुढे म्हणतात, 'माझी बहीण चंद्रभागा'. माझ्या लेखाचा सगळा भार या ओळीवर होता आणि आपण तिला स्पर्शही केला नाहीत. नदी बहीण झाली म्हणून घरातल्या मुलीला तिचं नाव देता आलं. महाराष्ट्रात ज्या बापाने मुलीचं नाव चंद्रभागा ठेवलं, त्याच्या डोळ्यापुढे पंढरपूरचं वाळवंट होतं. तांडीचा संगम त्याने ऐकलाही नसेल. नावाचा उगम शोधायचा तर ठेवणाऱ्याच्या मनात शोधावा लागतो, नुसत्या कोशात नाही.

हे मी ऐकीव सांगत नाही. माझ्या आजीचं नाव चंद्रभागा. माहेर सांगोल्याकडचं, वडील माळकरी, घरात पिढ्यान्‌पिढ्या वारी. पाठच्या बहिणीलाही पंढरीतलंच नाव होतं. बाहत्तरच्या दुष्काळात आजी-आजोबा गाव सोडून ठाण्याला आले. आजोबा वागळे इस्टेटमध्ये कामाला लागले. कोपरीच्या चाळीत तिला सगळे भागाबाई म्हणायचे. रेशनकार्डावर चंद्रभागाबाई, भांडणात भागी. तिला नावाचा अर्थ विचारला की ती हवेत बोटाने नदीचं वळण काढून दाखवायची. तिला व्याकरण येत नव्हतं. पण आपलं नाव कुठून आलं हे तिला ठाऊक होतं, आणि तिच्याविरुद्ध मी चिनाबची साक्ष का काढावी, हे मला अजून कळलेलं नाही.

मनुस्मृतीबद्दल. नदीचं नाव असलेल्या मुलीशी लग्न करू नये असं तिसऱ्या अध्यायात आहे, खरं आहे. त्यानंतर आपल्याकडे गंगा, यमुना, गोदावरी, नर्मदा, भागीरथी, कृष्णा अशा किती बायका झाल्या, सगळ्यांची लग्नं झाली. याहून जास्त त्यावर लिहायची माझी इच्छा नाही. शुद्धलेखनाच्या चुका आजच दुरुस्त करतो. नाव जुनाट आहे की नाही, हे ज्याने त्याने आपल्या मुलीचं नाव ठेवताना ठरवावं.

राहिलं कामवाल्यांचं वाक्य. होय, माझी आजी नौपाड्यात चार घरची धुणीभांडी करायची. त्याच पैशांतून माझ्या वडिलांचं शिक्षण झालं. त्या घरांतल्या बायका तिला नावाने हाक मारत आणि दिवाळीला साडी देत. तिच्या नावाकडे नाक मुरडलेलं मी त्यांच्याकडून कधी ऐकलं नाही, ते पहिल्यांदा आपल्याकडून वाचलं. चिनाबवर आपण हवं तेवढं लिहा, मी वाचेन आणि उत्तरही देईन. प्रतिक्रिया मी काढलेली नाही, काढणारही नाही. पण हे एक वाक्य आपण स्वतःहून मागे घ्यावं. ते घेतलं नाहीत, तर आपल्या पुढच्या मुद्द्यांना माझ्याकडून उत्तर मिळणार नाही.