ठेवणीतली साडी

चार-पाच वर्षांपूर्वी यवतमाळकडच्या आमच्या गावात डॉक्युमेंटरीवाले आले होते. गावातला माणूस म्हणून मी त्यांच्यासोबत. शूटिंग शेजारच्या काकूचं. काका कर्जापायी गेले, त्यावर.

काकूने सकाळीच ठेवणीतली साडी नेसली, डोक्याला तेल लावलं. दिग्दर्शक मला बाजूला घेऊन म्हणाला, "रोजचं काहीतरी नेसायला सांगा ना." काकू म्हणे, "कावून? फोटो काढाले कोणी जुनं नेसते का?" शेवटी रोजची जुनी साडी नेसली. मग काकांचा फोटो भिंतीवरून उतरवून तिच्या मांडीवर. तोच प्रश्न तीनदा. तिसऱ्यांदा रडली, तेव्हा कॅमेरा थांबला.

आत्महत्या दाखवू नका असं मी म्हणत नाही. काकांना खांदा मीही दिलाय. पण रोजचंच पाहिजे होतं, तर मागच्या वावरात कापसाचा वेचा सुरू होता की! कमरेला ओटा, म्हणजे कापडाची झोळी, बांधून काकू ओळीत शिरली की पोरींना मागे टाकते. सुकल्या बोंडाची टोकं नखाशी टोचतात, म्हणून बोटांना चिंध्या गुंडाळते. वेचणी किलोवर. संध्याकाळी काट्यापाशी मालकाशी अशी भांडते की पाव किलो इकडचा तिकडे होत नाही. हे कोणी घेतलंच नाही. तिकडे पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत दिवाळीनंतर मंडईची जत्रा भरते, गडचिरोलीतल्या वडशाच्या नाटक कंपन्यांची नाटकं रात्रभर चालतात. पण गडचिरोली म्हटलं की कॅमेऱ्याला बहुतेक बंदूकच दिसते.

दादासाहेब फाळक्यांनी 1912 च्या सुमारास कुंडीतल्या वाटाण्याच्या रोपाची वाढ रोज थोडी थोडी टिपली होती. एका रोपासाठी एवढा धीर! सरकी टोबण्यापासून कापसाची पऱ्हाटी उपटेपर्यंत आठ-नऊ महिने जातात. आमच्या वाट्याला दोन दिवस. बजेट नसतं, मान्य. (मीही दोन दिवसांची मजुरी घेतली, कबूल.)

निदान एक करा. फिल्म महोत्सवात पाठवायच्या आधी समाजमंदिरात पडदा लावून गावाला दाखवा. ज्याचं घर दाखवलं, त्याला "हे काढा" म्हणता आलं पाहिजे. हा उपकार नाही, त्याचा हक्क आहे.

मला वर्षभराने व्हॉट्सॲपवर लिंक आली. काकू चार मिनिटं आहे, सगळी रडताना. ती अजून विचारते, "बाबू, आला का रे आपला पिक्चर?" मी म्हणतो, "येते काकू, टाइम लागते." मागच्या आठवड्यात पुन्हा विचारलं. म्हणे, "त्यात माही ती हिरवी साडी दिसते का?"