शोनबर्गची किंकाळी देब्युसीविरुद्ध नव्हती

पाश्चात्त्य संगीताची ओळख करून देताना एक विधान हमखास पुढे केलं जातं: ‘इम्प्रेशनिझम म्हणजे बाहेरच्या निसर्गाचं धूसर चित्र. त्याविरुद्ध बंड करून एक्स्प्रेशनिझमने आतली किंकाळी फोडली, सूर वाटेल तसे उधळले, आणि त्यालाच बारा-स्वरी संगीत म्हणतात.’ या विधानातले चारही भाग चुकीचे आहेत.

आधी ‘धूसर’. आपला ‘दृक्‌प्रत्ययवाद’ हा इम्प्रेशनिझमचा प्रतिशब्द चित्रकलेसाठी चपखल आहे, पण त्यात डोळा आहे, कान नाही. त्यामुळे संगीतातही आपण धुकं शोधत बसतो. ज्याला हे लेबल लावतात त्या खुद्द फ्रेंच संगीतकार देब्युसीला ते मान्य नव्हतं. मार्च 1908 मध्ये प्रकाशक द्यूरां यांना लिहिलेल्या पत्रात त्याने ते वापरणाऱ्यांना सरळ मूर्ख म्हटलं आहे. त्याची ‘व्वाल’ ही पियानोरचना घ्या. ती जवळजवळ सगळी पूर्ण स्वरांतरांच्या सप्तकात आहे. हार्मोनियमवर पांढरी एक सा धरून सा, रे, ग, तीव्र म, कोमल ध, कोमल नि वाजवा. ज्या पंचमावर किंवा शुद्ध मध्यमावर तंबोरा लावतात, ते दोन्ही इथे नाहीत. म्हणून षड्जाला आधार मिळत नाही आणि स्वर तरंगतात. मध्ये फक्त सहा मात्राखंड (बार), 42 ते 47, काळ्या पट्ट्यांवरचे पाच स्वर येतात आणि मग पुन्हा पहिलं सप्तक. खालचा एक खर्ज मात्र सुरुवातीच्या चार मात्राखंडांनंतर जवळपास शेवटपर्यंत ठोकलेला. हे मोजूनमापून केलेलं काम आहे, त्याला धूसर कसं म्हणायचं?

‘बंड’ हा भाग तारखांपुढेच टिकत नाही. एक्स्प्रेशनिझमचा ऑस्ट्रियन संगीतकार शोनबर्ग आला तो वाग्नर आणि ब्राम्स या जर्मन संगीतकारांच्या वाटेने; 1899 चं त्याचं तंतुवाद्यांचं षट्क ऐकलं की हे लगेच कळतं. नाटककार माटरलिंकच्या ‘पेलेआस’ या एकाच नाटकावर देब्युसीचा ऑपेरा 1902 मध्ये पॅरिसला रंगमंचावर आला, आणि त्याच सुमारास शोनबर्ग त्याच नाटकावर वाद्यवृंदासाठी लिहीत होता. त्याच्या रचनेतही पूर्ण स्वरांतरांचे स्वरसंघात (एकत्र वाजणारे स्वर, म्हणजे कॉर्ड) आहेत. षड्जाचं घर सोडण्याची ओढ दोघांना होती, फक्त दारं वेगळी. एकाने समान अंतरांची सप्तकं वापरली, दुसऱ्याने बाराही स्वरांना सारखाच मान दिला.

हे नातं सर्वांत स्वच्छ ऐकू येतं ते शोनबर्गच्या 1909 च्या पाच वाद्यवृंदरचनांपैकी तिसरीत. तिचं नाव ‘फार्बन’, म्हणजे रंग. नंतरच्या आवृत्तीत त्याने शीर्षकात ‘तळ्याकाठची उन्हाळी सकाळ’ असंही घातलं. एक्स्प्रेशनिझमच्या ऐन भरातली रचना आणि विषय तळं! सुरुवातीचा स्वरसंघात हार्मोनियमवर लावून बघा: मंद्र सा, कोमल ध, शुद्ध नि, आणि त्यावर मध्य सप्तकातले ग आणि ध. दोन्ही हात लागतात, तेव्हा भाता दुसऱ्या कुणीतरी मारावा. हेच पाच स्वर आधी दोन बासऱ्या, क्लॅरिनेट, बासून (खर्जाचं फुंकवाद्य) आणि व्हायोला धरतात. मग तेच स्वर इंग्लिश हॉर्न, ट्रम्पेट, दुसरा बासून, हॉर्न आणि डबल बास यांच्याकडे जातात, आणि असे आलटून पालटून फिरतात. स्वर तोच, फक्त कांती बदलते. मग एकेक आवाज हळूच अर्धा स्वर चढतो आणि एक पूर्ण स्वर उतरतो: वरचा ध कोमल नि होतो, मग कोमल ध. सगळ्यांचं असं होऊन गेलं की अख्खा स्वरसंघात अर्ध्या स्वराने खाली आलेला असतो, आणि तो कधी उतरला हे कानाला समजत नाही. फोनच्या स्पीकरवर ऐकलंत तर डबल बासचा खर्ज गळतो आणि रंगबदल सपाट होतो. ‘काहीच घडत नाही’ ही तक्रार बहुतेक तिथूनच येते. हेडफोन लावा, आवाज फार वाढवू नका.

इतकी काटेकोर चाल असलेल्या संगीताला ‘वाटेल तसे उधळलेले सूर’ म्हणणं अन्यायाचं आहे. शोनबर्गचा शिष्य बेर्ग याच्या ‘व्होत्सेक’ या ऑपेरामध्ये, जो 1925 मध्ये बर्लिनला पहिल्यांदा झाला, खुनाचा अख्खा प्रवेश एका स्वराभोवती, ‘नि’वर बांधलेला आहे. व्होत्सेकच्या हातून मारी मेल्यावर सगळा वाद्यवृंद त्या एकाच स्वरावर येऊन तो अगदी हळूपासून फोडून टाकण्याइतका वाढवतो. अंगावर काटा येतो, पण तो शिस्तीमुळे.

राहिलं ‘बारा-स्वरी’. ‘एअरवार्टुंग’ हे एकाच गायिकेचं संगीतनाट्य शोनबर्गने 1909 मध्ये 17 दिवसांत लिहिलं. बारा स्वर एका ठरलेल्या क्रमाने, म्हणजे मालिकेत, वापरण्याची पद्धत त्याने 1920 नंतर घडवली. एक्स्प्रेशनिझमचा ऐन काळ त्याआधीचा, कोणत्याही मालिकेविना लिहिलेला.

दोघांत फरक आहेच. देब्युसी एखादी आकृती लगेच दुसऱ्यांदा वाजवून ती कानात मुरू देतो. ‘एअरवार्टुंग’मध्ये आकृती परत येतच नाही म्हटलं तरी चालेल, आणि गाणारीला एका दमात लांब उड्या माराव्या लागतात. पण वैर कुठे आहे? 1918 मध्ये शोनबर्गने व्हिएन्नात खासगी मैफलींची संस्था काढली. तिथे टाळ्यांना बंदी होती, समीक्षकांना प्रवेश नव्हता, आणि देब्युसीच्या रचना पुन्हा पुन्हा वाजत. 1920 मध्ये याच संस्थेसाठी बेन्नो साक्सने देब्युसीच्या ‘फॉन’ या वाद्यवृंदरचनेचं छोट्या संचासाठी रूपांतर केलं. मोठ्या वाद्यवृंदाची जागा त्यात मूठभर वादकांनी घेतली, आणि त्यांच्यात पियानोशेजारी एक हार्मोनियमही होती.